चाळीस सेकंद

पडद्यावर नायिका रिकाम्या गोठ्याच्या उंबऱ्यावर बसली, तसा त्याने शेजारी बसलेल्या आईचा हात धरला. "आता ऐक हं," तो कुजबुजला.

मित्रांच्या वर्गणीतून उभ्या राहिलेल्या या छोट्या चित्रपटाला त्याने संगीत दिलं होतं, आणि याच प्रसंगाने त्याला जेरीस आणलं होतं. दिग्दर्शिकेने सारंगी नाकारली, बासरी नाकारली. "वाद्यं पुरेत रे, काहीतरी खरं दे," म्हणाली. खरं त्याच्या फोनमध्ये वर्षभर पडून होतं. वेगळा आवाज कानावर आला की त्याचा हात आपोआप रेकॉर्डिंगच्या बटणाकडे जायचा, आणि बाबा जेवता जेवता कोसळले तेव्हाही तो गेलाच होता. आईच्या आकांताचे चाळीस सेकंद. ते त्याने ताणले, खर्जात उतरवले, तंबोऱ्याखाली दडवले. दिग्दर्शिका ऐकून ढसाढसा रडली. हा माणसाचा आवाज आहे हेही तिला कळलं नाही.

सभागृह त्या आवाजाने भरून गेलं. मागे कुणीतरी नाक ओढलं. आईने मात्र आपला हात हळूच सोडवून घेतला.

दिवे लागले. मंचावरून त्याचं नाव पुकारलं गेलं, टाळ्या सुरू झाल्या. तो उठू लागला, तेव्हा आई कोऱ्या पडद्याकडे बघतच म्हणाली, "तू फोन हातात धरून दारात उभा होतास."

"आई, अगं..."

"मला वाटलं, ॲम्ब्युलन्स बोलावतोयस."