मुद्द्याचं आधी

आधी वर्तमानपत्र, मग टीव्ही, आता कॉलेजात शिकवणं. पाय कुठे ठरला नाही, पण आईच्या फोनवर माझं वाक्य एकच असायचं, "आई, मुद्द्याचं आधी सांग." कारण ती सुरुवातच करायची शेजारणीच्या मांजरापासून.

आज वर्गात बातमीचं पहिलं वाक्य शिकवत होते, तेवढ्यात तिचा फोन आला.

"सोमवारी मी वृद्धाश्रमात राहायला जातेय," एवढंच म्हणाली.

मी खडूसकट बाहेर आले. "असं कसं अचानक? पहिल्यापासून सांग. मांजरापासून सांग!"

"तुझा तास चालू असेल ना?"

"असू दे गं! पण तिथे कशाला?"

"अगं, परवा बघायला गेले होते. तिथल्या बायकांनी मांजराचं सगळं ऐकलं आणि वर विचारलं, 'मग पुढे काय झालं?'"