जिवंत आवाज

टेबलावर बकऱ्याच्या दोन मांड्या होत्या, चार कोबी, एक ओली चादर आणि चामड्याचा एक लांब पट्टा. तीन कोबी फुटले होते. मांड्यांचं मांस जागोजागी फाटलं होतं.

समोरच्या पडद्यावर चित्र थांबवलेलं होतं. खांबाला बांधलेला गुलाम, त्याची उघडी पाठ, मागे चाबूक उगारलेला गोरा मुकादम. अमेरिकेतल्या गुलामगिरीवरचा हा माहितीपट. नट घेऊन चित्रित केलेल्या या प्रसंगाला आवाज नव्हता. तो सौदीतल्या अल-खोबरच्या या स्टुडिओत, मांसावर-कोबीवर पट्टा मारून भरायचा होता.

काचेपलीकडून दिग्दर्शक नाएफ इंग्रजीत म्हणाला, "नाही. हे खाटकाचं दुकान वाटतं. मला जिवंत माणूस हवाय."

"जिवंत कुठून आणू?" पट्टा मारून मारून घामाघूम झालेला कादिर मराठीत पुटपुटला. "कोबीत जीव घालू?"

रेकॉर्डिंग सांभाळणाऱ्या उमैरने माईक टेबलाजवळ पक्का केला, शर्ट काढला आणि टेबलावर हात टेकून वाकला.

"माझ्या पाठीवर मार, कादिरभाय."

"येडा झालास?"

"मार. हा भाग आज गेला नाही, तर दोघांनाही घरी पाठवतील."

एकाला तर जायचंच होतं. सौदी माणसं वाढवायची म्हणून स्टुडिओने भारतीयांसाठी एकच जागा ठेवली होती. दोघांपैकी एकाचाच इकामा, म्हणजे इथे राहण्याचा परवाना, वाढणार होता. उमैरला दापोलीहून कादिरनेच आणलं होतं, काम त्यानेच शिकवलं होतं.

कादिरने पट्टा मारला.

"मच्छर मारतोस काय?" उमैर हसला.

"हसू नका. पुन्हा. यल्ला!" नाएफ ओरडला.

दुसरा फटका बसला. तिसऱ्याला पाठीवर लाल पट्टा उठला. उमैरचं हसू थांबलं. मान वर न करता तो म्हणाला, "कादिरभाय, इकामा माझा वाढतोय. परवा सही केली मी."

कादिरचा हात तसाच वर राहिला.

"परवा तू माझ्या घरी जेवलास."

"हो."

"माझ्या बायकोने, रुकय्याने, डबा भरून दिला तुला."

"नंतर बोलू. माईक चालू आहे."

"काय चाललंय?" नाएफने विचारलं. "यल्ला!"

चौथ्या फटक्याने कातडी फाटली. पाचव्याला उमैरचे गुडघे वाकले, त्याच्या हाताचा धक्का लागून एक कोबी खाली पडला. काचेमागे नाएफ उठून उभा राहिला.

"खलास! मिळाला! खलास!"

सहावा फटका त्यानंतर बसला.

कादिर पट्टा टाकून बाहेर गेला. उमैर बराच वेळ टेबलाला धरून उभा होता. रक्त कमरेपर्यंत आलं होतं. मग त्याने हेडफोन लावले आणि फटके एकेक करून तपासले. माईक जागचा हलला नव्हता. पहिल्यापेक्षा सहावा अठरा डेसिबलने मोठा होता.