खणातलं पाकीट

“नव्या माणसासाठी चार बरे शब्द लिही ना! रिवाजच आहे तसा,” लोरेनने नवऱ्याला दटावलं.

“धूळ चारली त्याने मला निवडणुकीत!” अमेरिकेचा मावळता राष्ट्राध्यक्ष डग्लस फणफणला. दोन तिखटजाळ ओळी खरडून त्याने टेबलाचा खण उघडला, तर आत एक बंद पाकीट. चार वर्षांपूर्वी ज्याला हरवून तो इथे आला होता, त्याची चिठ्ठी. तोऱ्यात त्याने ती उघडलीही नव्हती.

आता फोडली.

“इथे सगळे तुझीच री ओढतील. खरं फक्त आचारी बोलतो. रोज त्याच्याशी गप्पा मार.”

डग्लस तडक स्वयंपाकघरात गेला. आचारी बटाटे सोलत होता.

“मी का हरलो रे?”

आचाऱ्याने स्टूल पुढे सरकवलं. “बसा साहेब. वेळ लागेल.”