कोरलेला बांध

कृष्णेचं पाणी जयसिंगराव पाटलांच्या घरात शिरलं, तेव्हा त्यांनाही बोटीतून शाळेतल्या पूरछावणीत आणलं. वर्गात जागाच नव्हती. ओल्या कपड्यांनी ते आक्काताईच्या सतरंजीपाशी उभे राहिले. त्यांच्याच ट्रॅक्टरनं वर्षानुवर्षं बांध कोरून तिच्या रानाची पट्टी गिळली होती. जाब विचारायला गेलेल्या नवऱ्याला त्यांनी चारचौघांत खोटं पाडलं. ती बोच उरात घेऊनच तो वारला. तेव्हापासून तिनं पाटलांसाठी शिव्या साठवल्या होत्या. पण म्हसरं हलवून हलवून आज तिचं अंग मोडून आलं होतं. ती सरकली. "बसा की." ते बसले. बऱ्याच वेळानं तिनं विचारलं, "पाटील, आमचा बांध तुमीच कोरलासा न्हवं?" त्यांनी भिंतीला डोकं टेकलं. "व्हय. तुजा मालक खरं बोलत हुता." हे ऐकून आपण आकांत करू, असं तिला वाटायचं. डोळ्यांवर पदर ओढून ती निजली.