देव्हाऱ्यातलं पाकीट

मी अख्ख्या लालबागला सांगायचे, "माझी लेक कॅन्सरची डॉक्टर!" ती चिडायची. "आई, मी पेशंट बघत नाही गं. पेशी दुभंगताना तिला दोन टोकांना ओढायला आत दोनच ठिपके लागतात. जास्त झाले की कॅन्सर कसा होतो, तेवढंच शोधते." "ठिपके रांगोळीवाल्या बायाही मोजतात," मी तिला गप्प केलं. मग शेजारची कौसल्या गाठीच्या रिपोर्टचं पाकीट घेऊन आली. "वैनी, हॉस्पिटलात जाऊ?" "घरात डॉक्टर असताना रांगेत कशाला मरतेस?" पाकीट मी देव्हाऱ्यात ठेवलं. लेकीला दाखवलं असतं, तर माझं मेलीचं नाक कापलं गेलं असतं. तीन महिने कौसल्येला म्हणत राहिले, "बघतेय गं ती." आज देव्हारा पुसताना लेकीला पाकीट सापडलं. रिपोर्टवरचं नाव नि तारीख वाचून ती बोटांवर महिने मोजू लागली. इतक्यात कौसल्या झाकलेलं पातेलं घेऊन दारात आली. "पोरी, बांगड्याचं तिखलं आणलंय. तुझी फी समज."