रिव्हर्स गिअर

संभाजीनगरच्या एका पोलीस ठाण्यात मुक्ता जोगदंड पहिलीच बाई ड्रायव्हर म्हणून आली, तेव्हा हवालदार अप्पाराव तिच्या तोंडावरच म्हणाले, "आता जिवाचा भरोसा नाय." महिनाभरानं जुन्या शहरातल्या एका बोळात गाडीवर दगडफेक झाली. काच फुटली, मुक्ताच्या कपाळातून रक्त वाहू लागलं. गाडी वळवायला जागाच नव्हती. अप्पारावांसह आठ जणांना घेऊन तिनं अख्ख्या बोळातून गाडी उलटी बाहेर काढली.

दवाखान्यात ठाण्याचे साहेब मायेनं म्हणाले, "पोरी, उद्यापासून ऑफिसातच बस."

"नाय साहेब. टाके कपाळाला पडलेत, हात शाबूत हायेत."

हिला जरा समजवा, अशा नजरेनं साहेबांनी अप्पारावांकडं पाहिलं. अप्पाराव उठून उभे राहिले.

"साहेब, ह्यांना बसवणार असाल, तर आम्हा आठ जणांनाबी ऑफिसातच बसवा."