तळघरातलं गाणं

"आणि हीच ती खोली," योआकिम उघड्या दारात उभा राहून म्हणाला आणि त्याने हात असे पसरले, जणू तिथल्या विटाही त्यानेच रचल्या होत्या. रेडिओवरच्या पेर्निलाने मायक्रोफोन त्याच्या तोंडाशी नेला.

इल्वा कपडे धुवायच्या मशीनला टेकून उभी होती. तिच्या इमारतीच्या तळघरात सगळ्या रहिवाशांचं सामाईक धुणं चालायचं. धुण्याच्या जागेला लागूनच, योआकिम उभा होता त्या दारापलीकडे, कपडे वाळवायची खोली होती, आणि तिथे दोन हिवाळे बसून तिने ते गाणं केलं होतं. शब्द तिचे, चाल तिची, एकूण एक आवाज तिने जमवलेला, जोडलेला, फेकून देऊन पुन्हा जोडलेला. योआकिमने शेवटी आपल्या स्टुडिओत तीन दिवस मिक्सिंग केलं. चांगलं केलं, त्यात वाद नाही. पण तळघरात तो आज पहिल्यांदा उतरला होता. पेर्निला यायच्या आधी त्याने हळूच विचारलंही होतं, "यातली नक्की कुठली खोली गं?"

"या जागेला स्वतःचा एक श्वास आहे," तो आता सांगत होता. "तो पकडायला आम्हाला फार झगडावं लागलं."

इल्वाची कानशिलं तापली.

चूक तिचीच होती, म्हणून तर अंगाचा जास्तच तिळपापड होत होता. गाणं प्रसिद्ध करताना 'प्रोड्युसर', म्हणजे गाण्याची ध्वनिरचना करणारा, या रकान्यात तिने दोघांची नावं लिहिली होती. नुसतं आपलंच नाव लिहायचं म्हणजे टेंभा मिरवल्यासारखं. स्वतःबद्दल बोलायचं तर हळू बोलावं आणि शक्यतो बोलूच नये, हे तिला आईने शिकवलं, शाळेने शिकवलं, उरलंसुरलं शेजाऱ्यांनी. मग वर्षाच्या संगीत पुरस्कारांसाठी निवडलेली नावं जाहीर झाली. गायिकांमध्ये इल्वा हेडक्विस्ट. प्रोड्युसरांमध्ये योआकिम ब्रांडेल, एकटा. "अगं, त्यांचा गोंधळ झालाय, मी सांगतो ना त्यांना," असं तो म्हणाला होता. त्याला तीन आठवडे झाले. परीक्षकांची शेवटची बैठक बुधवारी होती आणि पेर्निलाचा कार्यक्रम उद्या सकाळी. उद्या देशभर जे ऐकलं जाईल, तेच खरं ठरणार होतं.

"इल्वा, आता तू सांग," पेर्निला वळली. "एवढा अनुभवी माणूस पाठीशी म्हटल्यावर गाताना अगदी निर्धास्त वाटत असेल, नाही?"

इल्वाने तोंड उघडलं. पाठीशी कुणी नव्हतं, इथे मी एकटी होते, एवढंच सांगायचं होतं.

"हो... म्हणजे, योआकिमची मदत झालीच," ती म्हणाली, आणि त्याच क्षणी तिला स्वतःच्याच मुस्कटात मारावीशी वाटली. योआकिमने नम्रपणे मान खाली घातली. तेही त्याला छान जमत होतं.

दार धाडकन उघडलं. तिसऱ्या मजल्यावरची गुनवोर चादरींची टोपली कमरेवर घेऊन आत आली. वय पंचाहत्तर, आवाज पंचविशीतला.

"दोन वाजले. आता मशीनवर नंबर माझा आहे."

"पाचच मिनिटं दे," योआकिम गोड हसला. "रेडिओवाले आलेत, इल्वाच्या गाण्यासाठी."

"ते गाणं? त्याबद्दल मला विचारा की!" गुनवोरने टोपली खाली आदळली. "दोन हिवाळे कान किटलेत माझे. माझं धुणं लागलं की ही पलीकडे सुरू. एकच ओळ चाळीस वेळा. मी जरा मशीन थांबवलं की तरातरा बाहेर येऊन माझ्याशीच भांडायची, 'बंद कशाला केलंस?' म्हणून. माझ्या धुण्यावर हिचा हुकूम! मी तीन तक्रारी केल्यात लेखी."

पेर्निलाचा मायक्रोफोन कधीच तिच्याकडे वळला होता. "आणि योआकिम?"

"कोण योआकिम?" गुनवोरने त्याला खालपासून वरपर्यंत न्याहाळलं. "हा? याला नाही बाई कधी पाहिलं." मग ती इल्वाकडे वळली. "आणि तू गं? माझ्याशी भांडताना नुसता तोंडाचा पट्टा चालतो. आज या पाहुण्यापुढे काय मूग गिळलेस?"

उत्तराला न थांबता तिने चादरी मशीनमध्ये कोंबल्या, झाकण लावलं आणि बटण दाबलं. मशीन घुमलं, अडखळलं, पुन्हा घुमलं. पेर्निलाने चमकून मान वर केली. पहिला शब्द यायच्या आधी ज्या आवाजावरून सगळा देश ते गाणं ओळखायचा, तो आवाज तिच्यासमोर गुनवोरच्या चादरी घुसळत होता.

"छे, या गोंगाटात काही रेकॉर्ड होणार नाही," योआकिमने वैतागून कानांवर हात ठेवले. "चला, आपण वर जाऊन बोलू."

पेर्निला जागची हलली नाही. इल्वा पुढे आली. तिला राग आला होता, आणि त्या रागाची तिला आज लाज वाटत नव्हती. तिने पेर्निलाच्या हातातून सरळ मायक्रोफोन घेतला.

"तू जा वर," ती योआकिमला म्हणाली. "मला इथेच जमतं."